बिस्किटाएवढा पिक्चर

मिसरोदला आमच्याकडे संध्याकाळी वीज गेली की पिक्चर सुरू व्हायचा. बाबा गोविंदपुऱ्यातल्या एका कारखान्यात टेक्निशियन होते. तिथल्या मोबाइलच्या दुकानातून ते मेमरी कार्डात सिनेमे भरून आणायचे. फोनचा पडदा बिस्किटाएवढा. अगदी समोरून पाहिलं तरच काही दिसायचं, जरा बाजूला सरकलं की माणसं निळी पडायची. आवाज तर डबीत माशी कोंडल्यासारखा. म्हणून फोन आईच्या हातात, आणि मी, बाबा आणि शेजारच्या चाची, आम्ही तिघं आईच्या तोंडाकडे बघत बसायचो.

चाचींना मराठी येत नव्हतं आणि आईचं हिंदी बाबांच्या बदलीबरोबर पुण्याहून आलेलं होतं. "हीरोइन रुसके बैठी है," ती सांगायची, "सासू ने टोमणा मारा ना." चाची मान डोलवायच्या. त्यांना सगळं कळायचं.

पडद्यावर दिसायचं काय, तर चौकोन. गालाचा एक, साडीचे चार. रात्रीचा प्रसंग असला की नुसता अंधार, पण आईची गाडी काही अडायची नाही. माणसं ती शर्टाच्या रंगावरून ओळखायची, आणि दोघांचे शर्ट एकाच रंगाचे निघाले की बिनदिक्कत एकाला गावाला पाठवून द्यायची. शेवटचा भाग तर बहुतेक वेळा चालायचाच नाही. मग बंद फोन तसाच डोळ्यांसमोर धरून ती शेवट सांगायची. बाबांना आणि मला हे माहीत होतं. आम्ही हूं की चूं केलं नाही, कारण तिचे शेवट झकास असायचे.

चाचींचा एक लाडका पिक्चर होता. त्यातली नायिका खूप आजारी पडते, मग बरी होते आणि सासूच्या नाकावर टिच्चून शिलाईचं दुकान काढते. तो त्यांनी आईकडून कितीदा ऐकला असेल, देव जाणे.

पुढे बाबांनी भलामोठा टीव्ही घेतला, घरात नेट आलं. तोच पिक्चर त्यांना सापडला आणि हौसेने त्यांनी चाचींना बोलावलं. आईच्या तोंडचं पाणी पळालं. मला स्वयंपाकघरात ओढून म्हणाली, "मरते गं ती शेवटी. मी दुपारी बघितलं. आता चाची काय म्हणतील मला?" मला हसू आवरेना, आणि तिची दयाही येत होती.

पिक्चर सुरू झाला. नायिकेच्या गालावरची पावडरसुद्धा स्पष्ट दिसत होती, पण चाची चुळबुळायला लागल्या. "भाभी, ये तो डुप्लीकेट लग री है," त्या म्हणाल्या. त्यांनी बाबांच्या हातातला रिमोट घेतला आणि आवाजच बंद केला. "आप बोलो. तब समझ में आएगी."

आईने पदर खोचला. मग काय विचारता! सासू, टोमणे, रुसवे, सगळं धो धो सुरू झालं. बाबा तोंडात रुमाल कोंबून बसले होते. मला इतका आनंद झाला होता की कधी एकदा टाळ्या वाजवते असं झालं.

आणि आलं ते हॉस्पिटल. नायिकेने डोळे मिटले, नर्सने तिच्या तोंडावरून चादर ओढली.

"नींद लगी है उसको," आई म्हणाली. "पंखे की हवा लगती है ना, इसलिए चादर ओढ़ाई."

पडद्यावर सगळं खानदान ऊर बडवून रडत होतं. चाचींनी विचारलं, "और ये सब रो क्यों रए हैं?"

"कल दुकान का मुहूर्त है. खुशी से."

चाचींनी पदराने डोळे पुसले. रिमोट उचलून त्यांनी आपल्या मांडीखाली दडवला आणि बाबांकडे बघून हळूच म्हणाल्या, "आवाज मत खोलना, भाईसाब. जाग जाएगी."