चव न घेता केलेला डिप

"मी करते," असं म्हणून मोकळी झाले, आणि मग लक्षात आलं की आपण काय बोलून बसलोय. ही माझी जुनी खोड. तोंड आधी धावतं, डोकं मागून पोचतं.

तेव्हा मी शेजारणीच्या किचनमध्ये उभी होते. ब्रिस्टलमधली आमची ही दोन घरं भिंतीला भिंत लागून आहेत. मागच्या कुंपणात तिच्या नवऱ्याने एक छोटं फाटक करून दिलेलं, पुढच्या दाराने वळसा नको म्हणून. आयुष्यभर विमानाच्या इंजिनांवर काम केलेला माणूस. तरुणपणी काही वर्षं टेक्ससला होता आणि तिथून एक डिप शिकून आला होता. खाली बीन्स, त्यावर बीफचा खिमा, वर टोमॅटोचा सालसा, सावर क्रीम म्हणजे आंबट साय, चीज. दर जुलैत त्याच्या वाढदिवसाला त्यांच्या बागेत सगळी गल्ली जमायची आणि मक्याच्या चिप्सने तो डिप खरवडून खरवडून खायची. या जानेवारीत तो गेला. आणि जूनमध्ये ती पायरीवरून पडली आणि उजवं मनगट मोडून घेतलं.

"या वर्षी मी कोणालाच बोलवत नाहीये," ती प्लास्टरमधला हात टेबलावर ठेवून म्हणाली. "त्याचा डिप नसेल तर लोकांना बोलावून करू काय? मला साधा टिन उघडता येत नाही. आणि एकदा चुकलं ना, की मी परत कधीच करणार नाही. माझा स्वभाव मला माहितीये."

ते मलाही माहीत होतं. नवरा गेल्यापासून तिने एकेक गोष्ट बंद करत आणली होती. आधी चर्चमधलं क्वायरचं गाणं, मग शनिवारचा बाजार, मग बागेतलं बसणं. आता हे. म्हणून मी म्हटलं, मी करते.

आता माझी गोष्ट. मी शाकाहारी. अंडंसुद्धा केकमध्ये लपून आलं तरच. आम्ही या घरात आल्यापासून पंधरा वर्षं त्या माणसाने दर वाढदिवसाला माझ्यासाठी निळ्या काठाच्या वाडग्यात वेगळा डिप ठेवला, नुसत्या बीन्सचा, वेगळ्या चमच्यासकट. सगळ्यांच्या आधी माझ्या हातात आणून द्यायचा. "हा तुझा," एवढंच बोलायचा. स्वतःच्या वाढदिवसाला पन्नास माणसं घरात असताना एकदाही विसरला नाही. माझ्या माहेरची माणसंसुद्धा माझं काय चालतं आणि काय नाही हे दरवेळी नव्याने विचारतात.

घरी येऊन नवऱ्याला सांगितलं तर तो हसायलाच लागला. "तू? बीफ? अगं, तो प्लांट-बेस्ड खिमा मिळतो, तो घाल. वर एवढं चीज असतं, कोणाच्या बापाला कळणारे?"

"तिला कळेल."

"मग तिलाच चाखायला सांग, आणि काय."

ते मी विचारलं होतं. ती म्हणाली, सगळे आल्याशिवाय मी तोंडात घालणार नाही. एकटीने किचनमध्ये खाल्लं तर मी रडेन आणि पुढचं काहीच करणार नाही. मग काय, नवराही बीफ खात नाही, मीही नाही. म्हणजे जो पदार्थ मी जन्मात खाल्ला नाही, तो मला न चाखता करायचा होता, आणि गल्लीतल्या पन्नास जणांना त्याची अस्सल चव तोंडपाठ. बरं, एवढ्यावर भागलं असतं तर ठीक, पण सासूबाई पुण्याहून सहा महिन्यांसाठी आलेल्या. चातुर्मासात कांदा-लसूण सोडणाऱ्या. त्यांना सांगायची माझी काय बिशाद! "शेजारी जरा मदतीला जातेय" असं सांगायचं ठरवलं आणि कंबर कसली. करणार म्हणजे करणार. तेही तिच्या किचनमध्ये, तिच्या भांड्यांत, खऱ्या बीफचा.

शनिवारी सकाळी सुपरमार्केटमध्ये गेले. खिम्याचं पाकीट ट्रॉलीत ठेवलं आणि त्यावर पालकाच्या दोन पिशव्या टाकल्या. मग माझी मलाच लाज वाटली. चोरी करतेय का मी? पालक काढला आणि परत जागेवर ठेवला. तेवढ्यात आमच्या मंडळाच्या गणपतीला मोदक करणाऱ्या बाई समोरून आल्या. त्यांनी ट्रॉलीत बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि "बरीच उष्णता आहे नाही यंदा" म्हणाल्या. मी म्हटलं, आहे खरी.

दुपारी शेजारणीच्या किचनमध्ये उभी राहिले. ती बाहेर बागेत एका हाताने खुर्च्या पुसत होती. माणसं चारला यायची होती. हा डिप म्हणजे अर्ध्या तासाचं काम, त्यातही निम्मा वेळ टिन उघडण्यात. रबरी ग्लव्ह्ज चढवले. पॅन तापवलं, तेल, कांदा, मग पाकीट फोडून खिमा. वास आला तशी खिडकी सताड उघडली, ओढणी नाकाला बांधली आणि लाकडी चमच्याने गुठळ्या मोडत राहिले. मांसाला सुटलेलं पाणी आटेपर्यंत हलवलं. मग टॅको मसाल्याची दोन पाकिटं आणि थोडं पाणी.

चाखायची भीती मला नव्हती, खरं सांगते. नैवेद्याचा स्वयंपाक आपण चाखून करतो का? बाराव्या वर्षापासून मी सणाचं पान न चाखता करत आलेय. कटाची आमटी, भरली वांगी, सगळं. मीठ हातात घेतलं की हाताला कळतं. माझं मीठ चुकलं असं आजवर कोणी म्हटलेलं नाही, सासूबाईंनीसुद्धा नाही. त्याच तोऱ्यात मी पॅनकडे बघितलं, मीठ हातात घेतलं आणि टाकलं.

पाकिटं केराच्या डब्यात टाकताना मागचं बारीक अक्षर दिसलं. पहिलं नाव मिरचीचं, दुसरं मिठाचं. आई गं! आपल्या घरी मसाला म्हणजे मसाला, काळा असो की गोडा, मीठ आपण वरून घालतो. पाकिटात आधीच कोणी घालून ठेवलं असेल हे माझ्या ध्यानीमनीही नव्हतं. बीन्सच्या टिनवर बघितलं, तिथेही मीठ. सालसात मीठ. चीजमध्ये तर असतंच. आणि घड्याळात तीन वाजून गेले होते.

त्याच क्षणी कुंपणाचं फाटक वाजलं. सासूबाई. साडीवर कार्डिगन, हातात माझा फोन. "केव्हाचा वाजतोय," म्हणत त्या थेट किचनच्या दारात आल्या आणि थबकल्या. माझ्या नाकाला ओढणी, हातात ग्लव्ह्ज, समोर पॅन. लपवायला जागाच नव्हती.

"काय आहे ते?"

"बीफ आहे, आई." एकदाचं सांगून टाकलं. "त्यांच्या नवऱ्याचा आज वाढदिवस. गेल्यानंतरचा पहिला. तो हेच करायचा. त्यांचा हात मोडलाय आणि मी शब्द दिलाय. तुम्हाला रागवायचं तर घरी गेल्यावर रागवा, आत्ता मला वेळ नाहीये."

सासूबाईंशी मी असं कधी बोलले नव्हते. बाहेर खुर्च्या पुसणाऱ्या शेजारणीकडे त्यांनी बराच वेळ बघितलं. माझे सासरे जाऊन तीन वर्षं झाली होती.

"मग हे त्याचं पानच म्हणायचं," त्या शेवटी म्हणाल्या. "गेलेल्याच्या आवडीचं वाढायचं असतं. ह्यांना कारलं आवडायचं. मला बघवत नाही, तरी दरवर्षी करते ना मी?" मग दारातूनच मान पुढे करून त्यांनी दोनदा नाकाने श्वास ओढला. "मीठ जास्त झालंय."

"वासावरून?"

"चाळीस वर्षं चुलीपुढे काय झोपा काढल्या मी? आमटी असती तर कणकेचा गोळा सोड म्हटलं असतं. हे घट्ट आहे. बिनमिठाचं काहीतरी कुस्करून घाल."

फडताळात पाण्यातल्या बिनमिठाच्या राजम्याचे दोन टिन सापडले. धुतले, काट्याने कुस्करले, खिम्यात ढकलले. सावर क्रीम ठरल्याच्या दुप्पट. सासूबाई उंबऱ्याबाहेर उभ्या राहून "अजून घाल, हात आखडू नकोस" म्हणत होत्या. आत पाऊल मात्र टाकलं नाही. मग थाळाभर बीन्स, खिमा, सालसा, क्रीम, किसलेलं चेडर चीज, हॅलापिनो मिरच्या, कांद्याची पात. चारला पाच मिनिटं कमी असताना डिप बागेत टेबलावर गेला.

माणसं आली. चिप्सची पाकिटं फुटली, पण थाळ्याला कोणी हात लावेना. सगळे तिची वाट बघत होते. तिने डाव्या हाताने एक चिप घेतली, डिपमध्ये बुडवली आणि तोंडात घातली. डोळे मिटून चावत राहिली.

"चांगला झालाय," ती म्हणाली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती. "पण तो मीठ फार घालायचा. डॉक्टर ओरडायचे त्याला."

मी सासूबाईंकडे वळून बघितलं. सोयीचं नसेल तेव्हा त्यांना नेमकं इंग्रजी कळत नाही.

गल्ली थाळ्यावर तुटून पडली. दहा मिनिटांत तळ दिसला. कोणीतरी त्याच्या टेक्ससच्या थापा सांगायला लागलं, आणि ती त्या दुरुस्त करायला लागली, मोठ्या आवाजात. जानेवारीपासून तो आवाज मी ऐकला नव्हता. मी कोपऱ्यातल्या खुर्चीत बसले. भूक लागली होती आणि माझ्यासाठी तिथे काही नव्हतं, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं. एवढं सगळं केलं आणि स्वतःचा वाडगा विसरले. तो असता तर विसरला नसता, असं मनात आलं आणि गलबलून आलं.

ती आत गेली आणि फ्रिजमधून काहीतरी घेऊन बाहेर आली. निळ्या काठाचा वाडगा. वर वेगळा चमचा.

"हा तुझा," ती म्हणाली. "सकाळीच केला, तू ते मांस घरात आणायच्या आधी. तो नेहमी तुझाच पहिला करायचा. आधी हा, मग बाकीचं."

पंधरा वर्षं मला वाटायचं, माझ्या वाट्याचं तो शेवटी बाजूला काढतो.

टिन उघडता येत नाही म्हणणाऱ्या बाईने तो कसा उघडला असेल कोण जाणे. एका हाताने काट्याने चेपलेल्या बीन्स, अर्ध्या अख्ख्याच राहिलेल्या. टोमॅटोच्या वेड्यावाकड्या फोडी. कांदा नव्हता, तो चिरता आला नसणार, आणि चीजही नव्हतं. वर थोडं क्रीम. ती समोर उभी राहून माझ्या तोंडाकडे बघत होती.

"मीठ बरोबर आहे ना? मी चाखलं नाही. तो तुझ्यातलं कधीच चाखायचा नाही."

मीठ मुळातच घातलेलं नव्हतं.

"एकदम बरोबर," मी म्हटलं.

सासूबाईंनी शेजारी खुर्ची ओढली, वाडग्यात डोकावून कांदा नाही ना ते बघितलं आणि चिपवर थोडं घेऊन तोंडात टाकलं.

"अळणी आहे गं," त्या मराठीत पुटपुटल्या.

"आई, गप्प बसा आणि खा," मी म्हटलं, आणि आम्ही दोघींनी मिळून वाडगा पुसून स्वच्छ केला.