वहिनींच्या खात्यावर दोघांचा पगार

कॉम्प्युटरने पगाराची फाइल तिसऱ्यांदा परत पाठवली. सगळ्या ओळी हिरव्या, फक्त दोन लाल. लाल ओळींसमोर लिहिलं होतं, ‘डुप्लिकेट अकाउंट’. म्हणजे दोन कामगारांनी एकच खाते नंबर दिलेला. एक आनंदा काळेल, मोल्डिंगचा. म्हणजे वाळूचे साचे करणारा. दुसरा विलास काळेल, फेटलिंगचा. साच्यातून निघालेल्या मालाच्या कडा घासणारा. दोघे सख्खे भाऊ.

मला वाटलं, टायपिंगची चूक माझीच. फॉर्म काढून पाहिले. माझी चूक नव्हती. दोघांनी एकच नंबर लिहिला होता आणि खाली झोकात सह्या ठोकल्या होत्या. पासबुकाची झेरॉक्सही एकच, दोघांनी वाटून घेतलेली. त्यावर नाव होतं सुमन तुकाराम काळेल.

मी कुपवाडच्या एका फाउंड्रीत, म्हणजे ओतकामाच्या कारखान्यात, पगाराचं काम बघायची. सगळी नोकरी तिथेच गेली. कामगार मला ‘पगाराच्या बाई’ म्हणत. आमच्याकडे अगदी परवापरवापर्यंत पगार रोख असायचा, पाकिटात. सहा तारखेला मी पाकिटं भरायची आणि सात तारखेला खिडकी उघडायची. माणसं हात धुऊन, केस सारखे करून रांगेत यायची. कुणाच्या घरी बारसं आहे, कुणाचा मुलगा भरती होऊन बेळगावला ट्रेनिंगला गेला, सगळं मला त्या खिडकीत कळायचं. खोटं कशाला सांगू, मला त्या खिडकीचा माज होता. एकच गंमत व्हायची. माझ्या पगाराचं पाकीट मीच भरायची, रजिस्टरला मीच सही करायची आणि मीच पर्समध्ये टाकायची.

मग पुण्याहून पाटणकर साहेब एचआर मॅनेजर म्हणून आले. वयाने माझ्या मुलाएवढे. आल्या आल्या म्हणाले, “मॅडम, पुढच्या महिन्यापासून डायरेक्ट क्रेडिट. पाकिटं बंद.”

“साहेब, वर्षाची पाकिटं छापून आलीत.”

“कुणी सांगितलं होतं एवढी छापायला?”

मी पाकिटांचे गठ्ठे कपाटात टाकले.

बहुतेक कामगारांनी पगारासाठी पतसंस्थेचं खातं दिलं. आमच्या एमआयडीसीतली पगारदारांची पतसंस्था. पतसंस्था म्हणजे बँक नव्हे. सभासदांनीच पैसे साठवायचे आणि सभासदांनाच अडीनडीला कर्ज द्यायचं. त्यामुळे तिथे पगार सरळ जात नाही. संस्थेचं एका मोठ्या बँकेत खातं असतं. ती बँक प्रत्येक सभासदाला एक लांबलचक नंबर देते. त्या नंबरवर पगार टाकला की तो बँकेतून फिरून सभासदाच्या पासबुकात पडतो. अट एकच. पगार ज्याचा, खातं त्याच्याच नावावर पाहिजे. हे मी प्रत्येक शॉपमध्ये, म्हणजे विभागात, जाऊन ओरडून सांगितलं होतं. आनंदा आणि विलास तेव्हा पहिल्याच रांगेत बसून माना डोलवत होते.

दोघांना बोलावून घेतलं.

“आनंदा, हे कुणाचं खातं?”

“वहिनीचं.”

“आणि विलास, तुझं?”

“त्ये बी वहिनीचंच.”

“अरे, पगार तुमचा. खातं तुमच्या नावावर नको?”

आनंदा शांतपणे म्हणाला, “आवं बाई, पगार आजपत्तूर तितंच जातुया की. तुमी पाकीट आमच्या हातात देताय, आमी तिच्या हातात. मदी आमचं काम काय?”

ही वहिनी कोण, ते मला माहीत होतं. यांचा थोरला भाऊ तुकाराम आमच्या भट्टीवर होता. माणूस सोन्यासारखा. छातीत कळ येऊन अचानक गेला. आईवडील त्याआधीच गेलेले. विलास तेव्हा तिसरीत होता. तुकारामच्या जागी कंपनीने आनंदाला घेतलं आणि तुकारामचं पतसंस्थेतलं खातं बायकोच्या नावावर झालं. तिला मूलबाळ नव्हतं. तिने या दोन दिरांना वाढवलं, त्यांची लग्नं केली. कुपवाडात सगळे एकाच घरात राहायचे. दर सात तारखेला दोन्ही पाकिटं न फोडता तिच्या हातात जायची. ती पाकिटं म्हसवडच्या सिद्धनाथाच्या फोटोपुढे ठेवायची, मग फोडायची आणि ज्याला जे लागेल ते द्यायची.

हे सगळं माहीत असूनही मी नियमाला धरून बसले. साहेबांनी पाच तारखेची मुदत घातली होती. नाहीतर दोघांचा पगार अडकणार. मी स्वतः दोघांना पतसंस्थेत नेलं, खाती उघडून दिली. आनंदाचा चेहरा पडला होता. विलास मात्र एटीएम कार्डाचं विचारत होता. फाइल चढवली. सगळ्या ओळी हिरव्या झाल्या. साहेब म्हणाले, “गुड जॉब, मॅडम.” मला बरं वाटलं, नाही असं नाही.

सात तारखेला दुपारी सगळ्या शॉपमध्ये मोबाइल वाजले. झाला पगार. मी सवयीने खिडकी उघडून बसले होते. तासाभरात एक कुत्रं तेवढं डोकावून गेलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी खिडकीत एक बाई उभी राहिली. डोक्यावर पदर, हातात कापडी पिशवी. सुमनवहिनी. तुकाराम गेला तेव्हा एकदा आल्या होत्या, त्यानंतर आजच. मी त्यांना आत बोलावलं. त्या खुर्चीवर बसल्याच नाहीत.

“बाई, एक इचारायचं हाय. खोटं सांगू नका. पोरांनी येगळं व्हायचं ठरवलंय काय?”

“छे हो! कुणी सांगितलं तुम्हाला?”

“सांगाया कशाला लागतंय? खाती येगळी झाली न्हवं. काल विलासनं मोबाईल काढला आन् म्हनला, वहिनी, किती पाठवू?”

एवढं बोलून त्या थांबल्या. मग म्हणाल्या, “तिसरीत हुता त्यो, आमचं मालक गेलं तवा. आजपत्तूर मी त्येला इचारत आले, तुला किती पायजेत रं? आन् काल त्यो मला इचारतोय, किती पाठवू. म्हंजी आता मी पावनीच झाली की वो. म्हसवडला घर हाय आमचं. ट्रंक काढलीया. आमुशा झाली की जाती.”

मी फक्त नियम सांगितला होता. कुणाचं घर मोडायला सांगितलं नव्हतं. पण त्यांच्या दारात वाटणी जाऊन उभी राहिली होती आणि ती तिथे नेणारी मीच होते.

मी म्हटलं, “वहिनी, घाई करू नका. याला उपाय आहे.”

उपाय सोपा होता. पतसंस्थेला एकदाच लिहून द्यायचं की दर महिन्याला पगार पडला की तो वहिनींच्या खात्यावर वळवा. याला स्टँडिंग इन्स्ट्रक्शन म्हणतात, कायमची सूचना. दुपारी भावांना घेऊन मी पतसंस्थेत गेले, वहिनींनाही बोलावलं. मॅनेजर कांबळे म्हणाले, “दोघांच्या सह्या करा, झालं. पाच मिनिटांत आपोआप जमा.”

आनंदाने लगेच सही केली. विलास पेन हातात धरून बसला. मी त्याच्याकडे नुसतं पाहिलं. त्याने सही केली. मी जग जिंकल्यासारखी वहिनींकडे वळले.

वहिनी म्हणाल्या, “नगं.”

“का हो? सगळा पगार तुमच्याच खात्यात येईल की.”

“आपोआप आला, तर दिला कुनी?”

कांबळेंनी माझ्याकडे बघितलं. मी कांबळेंकडे.

“पैशाचं न्हाई वो बाई,” वहिनी म्हणाल्या. “एक दिसपाळीला, एक रातपाळीला. एक येतुया तवा दुसरा झोपल्याला असतुया. सात तारखंला तेवडं दोगं म्होरं बसत्यात. पाकीट फोडस्तवर च्या हुतो. कुनाचं काय दुखतंय, कुनाचं सायबासंगं वाजलं, समदं मला तवाच कळतंय. तुमच्या त्या यंत्रातनं त्ये यायचं न्हाई.”

कांबळेंनी फॉर्म फाडला. मला रागही आला. एवढी धावपळ केली आणि ही बाई नगं म्हणते! घरी जाताना बसमध्ये विचार करत राहिले आणि मग स्वतःचाच राग आला. सात तारखेला रिकामी खिडकी उघडून बसणारी मी. मला हे आधी कळायला हवं होतं.

पुढच्या पगाराला चार आठवडे होते. मी आनंदाकरवी निरोप धाडला, “वहिनींना सांग, पुढची सात तारीख बघा आणि मग काय ते ठरवा.”

त्या सात तारखेला मी दोघांच्या सॅलरी स्लिप कागदावर काढल्या. खरं तर त्या आता मोबाइलवर जायच्या. कपाटातला गठ्ठा सोडला, दोन पाकिटं घेतली आणि पूर्वीसारखी शाईच्या पेनने वर नावं लिहिली. खिडकी उघडून दोघांना बोलावलं. जुनं रजिस्टरही पुढे केलं.

विलास म्हणाला, “बाई, पगार खात्यात गेलाय. आता सही कशाची?”

“पाकीट मिळाल्याची. कर.”

“आन् ह्याचं काय करायचं?”

“घरी जाताना पतसंस्थेत उतरायचं. काढायचे तेवढे काढायचे, यात घालायचे आणि चिकटवायचं. घरी दोघांनी एकदम जायचं. आज तुझी पाळी मी सुपरवायझरला सांगून बदलून घेतली आहे.”

“आवं बाई, पण पाकीट बंद व्हावं म्हणून तर सायबांनी…”

“विलास, तू तिसरीत होतास ना रे?”

त्याने रजिस्टरवर सही केली. पाकीट शर्टाच्या आत ठेवून गेला.

दुसऱ्या दिवशी आनंदा मुद्दाम खिडकीत आला. म्हणाला, “ट्रंक माळ्यावर चढीवली, बाई. विलासनंच चढीवली. लय रडला गडी.” आणि कामावर निघून गेला.

गोष्ट तिथे संपायला हवी होती, पण कारखान्यात काही लपत नाही. पुढच्या महिन्यात मोल्डिंगचे चौघे आले. “आमाला बी एक पाकीट द्या की.” कुणाला आईसाठी, कुणाला बायकोसाठी. त्यापुढच्या महिन्यात रांग लागली. पाटणकर साहेब येऊन उभे राहिले.

“मॅडम, हे काय? पगार तर झालाय ना?”

“हो साहेब. सॅलरी स्लिप वाटप चालू आहे.”

“रांग लावून?”

“वर्षाची पाकिटं छापलीत, साहेब. वाया कशाला घालवायची?”

ते हसले आणि गेले. माणूस वाईट नव्हता.

माझा निवृत्तीचा दिवस मी सात तारखेलाच ठेवून घेतला. नियमाने महिनाअखेरच सुटायची, पुढचे सात दिवस फुकट काम केलं म्हणा. शेवटची पाकिटं वाटली आणि खिडकी लावणार, एवढ्यात सुमनवहिनी आल्या. मागे दोघे दीर. वहिनींनी पिशवीतून एक पाकीट काढलं. आमच्याच गठ्ठ्यातलं. त्यावर विलासच्या अक्षरात माझं पूर्ण नाव.

“हे काय, वहिनी?”

“इतकी वर्सं समद्यांना दिलंसा. तुमाला कुनी दिलं?”

खिडकीच्या बाहेर त्या, आत मी. आयुष्यात पहिल्यांदा ते पाकीट मी दुसऱ्याच्या हातून घेतलं. विलासने आत हात घालून रजिस्टर माझ्यापुढे सरकवलं. “सही करा, बाई.” मी केली.

पाकीट घरी नेऊन फोडलं. आत सिद्धनाथाचा गुलाल होता, कागदाच्या पुडीत, आणि वर एक रुपया.

आता कुणी नवीन पोरगं पगाराच्या कामाला लागलं आणि मला विचारायला आलं, तर मी नियमच सांगते. खातं ज्याचं त्याच्याच नावावर हवं, नंबर दोनदा तपासावा, डुप्लिकेट सोडू नये. त्यात काही चूक नाही. फक्त एखादी ओळ लाल आली, तर फाइल परत चढवण्याआधी त्या माणसाला विचारावं, की बाबा, तू आजवर पगार कुणाच्या हातात देत होतास?