फरासीस साहेबांचं घड्याळ

मार्गशीर्ष वद्य पंचमीला सकाळी मी जयगडच्या खाडीवर फत्तेमारीत बसलो. निघताना आईच्या हातावर पाच रुपये ठेवले. धक्क्यावर आई, कडेवर मुलगी घेतलेली माझी बायको आणि शेजारचे दामूकाका एवढीच माणसं होती. आईने पैसे पदराच्या टोकाला बांधले आणि विचारलं, "परत कधी?" मी म्हणालो, "दोन हंगाम करून येतो."

गावी राहिलेल्या तुम्हा मंडळींना हे ठाऊक आहे. पुढचं ठाऊक नाही. माझ्यासारखे जे मुंबईला आणि वऱ्हाडात पांगले, त्यांच्या ते उपयोगी पडेल असं वाटतं, म्हणून लिहितो.

तेव्हा अमेरिकेत लढाई चालू होती, तिकडचा कापूस विलायतेला पोचत नव्हता, आणि वऱ्हाडाला बरकत आली होती. अमरावतीत ज्याला अंक मांडता येत, त्याला काम होतं. मला एका फ्रेंच व्यापाऱ्याच्या बखारीत गाठींचा हिशेब ठेवायला घेतलं. लोक त्यांना फरासीस साहेब म्हणत. साठीचे गृहस्थ, जन्म पाँडिचेरीचा, हिंदुस्थानी माझ्यापेक्षा बरी बोलत. पहिल्याच दिवशी त्यांनी विचारलं, समुद्र पाहिलाय का. मी म्हटलं, आमच्या अंगणातून दिसतो. त्या काळ्या मातीच्या मुलखात त्यांना असा माणूस भेटला नव्हता. त्या दिवसापासून हिशेबाखेरीज आणखी एक काम माझ्याकडे आलं.

साहेबांच्या खोलीत लाकडी पेटीत एक पितळी घड्याळ होतं. ते त्यांच्या आजोबांचं. आजोबा फ्रान्सच्या आरमारात कप्तान होते. चौदाव्या वर्षी ब्रेस्ट नावाच्या बंदरातून निघाले, ते पोराचे अधिकारी आणि अधिकाऱ्याचे कप्तान झाले. आपल्या पूर्व किनाऱ्यावर इंग्रजांशी लढले, त्यात डाव्या हाताची दोन बोटं गेली. त्यांच्या जहाजावर हे घड्याळ नेहमी ब्रेस्टची वेळ दाखवी. डोक्यावरच्या सूर्याची वेळ आणि घड्याळाची वेळ यांतल्या फरकावरून घर किती लांब राहिलं ते काढायचे. चावी रोज सकाळी आठ वाजता द्यायची, एकाने द्यायची आणि दुसऱ्याने उभं राहून पाहायचं, असा जहाजाचा रिवाज. साहेब चावी देत आणि मी पाहत उभा राही. अमरावतीची दुपार झाली की ब्रेस्टला साधारण साडेसहाची सकाळ.

मला हा हिशेब फार आवडला. मी आपल्या गावाचाही काढला. अमरावतीची दुपार आपल्या गावच्या दुपारच्या अठरा मिनिटं आधी होते. दामूकाकांनी कळवलं होतं, बाराच्या सुमाराला आई पान वाढून घेताना म्हणत असे, "आता तो जेवायला बसला असेल." मी तोवर आंचवून विडा लावत असे.

कप्तान दर वर्षी ब्रेस्टला आपल्या आईला लिहीत, पुढच्या जहाजाने येतो. कधी लढाई आडवी आली, कधी वारा. मग तिकडे फ्रान्सात क्रांती होऊन राजाचं डोकं उडालं, आणि त्याच्या जुन्या अधिकाऱ्यांना देशात जागा उरली नाही. कप्तान पाँडिचेरीतच राहिले, व्यापाऱ्यांच्या मुलांना तारवं चालवायला शिकवून पोट भरलं, तिथेच वारले. घड्याळ ब्रेस्टचीच वेळ दाखवत राहिलं.

पहिल्या हंगामानंतर मी बायको-मुलीला आणलं. आई येईना. माझे दोनाचे चार हंगाम झाले. अमेरिकेतली लढाई मिटली, भाव उतरले, पण बखार चालू राहिली. दर पत्रात मी लिही, कापूस उचलला की येतो. मग दामूकाकांचं पत्र आलं: आई विहिरीवर घसरली, हात मोडला, तरी घर सोडत नाही, एकटीच आहे. मला अन्न गोड लागेना. घरी परत जावं तर चार तोंडांना तिथे काही नव्हतं.

त्याच सुमारास मला गाठी घेऊन अकोल्याला पंधरवडाभर राहावं लागलं, आणि इकडे साहेबांना ताप चढला. परत आलो त्या दिवशी साहेब प्रथमच उठून बसले होते आणि घड्याळाकडे पाहत होते. घड्याळात पावणेबारा वाजले होते. बाहेरही पावणेबाराच झाले होते. साहेबांचा गाडीवान गणबा दारात आनंदाने उभा होता.

"मुनीमजी, तुमी नवते, म्हून चावी मीच देल्ली," तो म्हणाला. "घडी भर दुपारी साडेसहा दाखवून राहिली होती. साहेबाच्या तापानं तिलेबी वात झाला वाटते. कचेरीची घंटा आयकली न् सरळ करून टाकली."

मी घाईने म्हटलं, फरक मला पाठ आहे, साडेपाच तासांना एक मिनिट कमी, आत्ता मागे घेतो. साहेबांनी हात वर केला. मग म्हणाले, "आजोबांना परत जायचं होतं, म्हणून त्यांना ती वेळ लागायची. मी ब्रेस्ट पाहिलेलंसुद्धा नाही. राहू दे गणबाची वेळ."

त्या संध्याकाळी मी आईला पत्र लिहिलं. येतो हा शब्द त्यात घातला नाही. लिहिलं की मी आता येत नाही, तू ये.

दीड महिन्याने दामूकाकांनी तिला मुंबईला नेऊन आगगाडीत बसवून दिलं. बडनेऱ्याच्या स्टेशनावर मी आणि गणबा छकडा घेऊन उभे होतो. वाटेत मी विचारलं, इतकी वर्षं का आली नाहीस. ती म्हणाली, "तू येतो येतो लिहीत होतास. मी घर सोडून निघाले असते आणि इकडून तू दारात येऊन उभा राहिला असतास, तर?"

दाराशी छकडा थांबला. मी खिशात हात घातला, तर गणबा म्हणाला, "राहू द्या जी, माय काय रोज येते?" आईने बऱ्या हाताने पदराची गाठ सोडली. आत माझे पाचच्या पाच रुपये होते. "घर माझं, भाडं मी देणार," ती म्हणाली, आणि त्यातला एक रुपया तिने गणबाला दिला.