नाच्याची मुलगी

केळझरच्या समीक्षाच्या घरात सगळेच कलावंत. वडील अण्णाजी तीस वर्षं खडी गंमत या तमाशासारख्या खेळात लुगडं नेसून नाच्याचं काम करायचे. थोरला भाऊ कैलास ढोलकीवर. आई शकुबाई चुलीपाशी बसल्या बसल्या गाण्यातली चूक दाखवायची. समीक्षाला मात्र ना गळा, ना ताल. ती सेलूच्या एका स्टुडिओसाठी लग्नांचं शूटिंग करायची. "आमच्यात ही एकच कोरडी," असं कैलास पाहुण्यांना सांगायचा.

लग्नसराई संपली, तेव्हा तिचे खांदे भरून आले होते. तरी मालकाचा कॅमेरा मागून घेऊन ती वडिलांबरोबर नाचणगावच्या कार्यक्रमाला गेली. एका शाळेच्या खोलीत अण्णाजी तयार होत होते, ती ते शूट करत होती.

"बाबा, आखीन एक डाव पदर घ्या ना."

चौथ्या वेळी ते भिंतीला टेकून खालीच बसले. "आता नाई होत, पोरी. बंद कर ते."

"केला," समीक्षा म्हणाली. केला नव्हता.

अण्णाजींनी लुगडं वर सरकवून गुडघा चोळला. तोंडावरच्या पावडरीतून घाम ओघळत होता. दोन मिनिटं नुसता श्वास. मग बाहेरून हाक आली. ते भिंतीचा आधार घेत उठले आणि कंबर लचकवत निघून गेले.

समीक्षानं त्यावरूनच वीस मिनिटांची फिल्म केली. दिवाळीनंतर गावच्या सभागृहात ती दाखवली. घरी परतताना अण्णाजी म्हणाले, "तू त बंद केला म्हणे."

"नाई केलता, बाबा."

थोडं पुढे गेल्यावर त्यांनी विचारलं, "मी एवढा थकलेला दिसतो?"

"मले त दहा वर्सापासून दिसून राह्यलं," मागून येणारी शकुबाई म्हणाली.

पुढच्या हंगामात अण्णाजींनी लुगडं नेसलं नाही. नाच्याविना त्यांचं खडी गंमतीचं मंडळ मोडलं. "तुयाच्यानं झालं हे," एवढं बोलून कैलासनं बहिणीशी अबोला धरला. अण्णाजींनी त्याला एकदाच सांगितलं, "पोरीनं खोटं नाई दाखोलं."

नागपुरात फिल्मला टाळ्या मिळाल्या. दुसरी कर, असं लोक म्हणाले. समीक्षा अजून लग्नांचंच शूटिंग करते. आईवर काही करावं असं तिच्या मनात आहे, पण शकुबाईनं बजावून ठेवलंय, "माह्यावर काढशील त आंधी इचारजो."

विचारलं की आई कॅमेऱ्यापुढे सावरून बसणार; विचारायचं म्हटलं की समीक्षाला शीण येतो.