बसलेल्यांचं पान

आमच्या घरून मासिक निघतं, हे मी शाळेत कुणाला कळू दिलं नव्हतं. कळलं असतं तर पोरींनी विचारलं असतं, कसलं मासिक? आणि मग काय सांगणार, कपाळ? ते तमाशाचे फड, नाटकमंडळ्या, बँडवाले यांच्या धंद्याचं मासिक होतं. कुठल्या गावची जत्रा कधी, कुठल्या फडाला ढोलकीवाला पाहिजे, कुणाला तंबू विकायचाय, असला मजकूर. आजोबांनी ते नांदेडला पायानं चालवायच्या मशीनवर सुरू केलं, वडिलांनी लातूरला आणलं. लोह्यापासून रेणापूरपर्यंत जत्रेचे पंच आमचा अंक उशाला घेऊन झोपतात, असं वडील छाती फुगवून सांगायचे. मी पाहुण्यांपुढं "छपाईचं काम आहे" एवढंच म्हणून विषय बदलायचे.

मासिकाचं शेवटचं पान आजोबांनी कधी विकलं नाही. त्यावर बसलेले कलावंत छापायचे, तेही फुकट. बसलेले म्हणजे त्या हंगामात हाताला काम नसलेले. लहानसा फोटो, खाली काय वाजवतो, काय गातो, कुठं भेटेल. फडाचे मालक अंक हाती आला की आधी उलटा करायचे. त्यातल्या कित्येकांना वाचता येत नव्हतं, पण फोटोवरून माणूस हेरायचे आणि निरोप धाडायचे.

भूकंप झाला त्या साली जत्रा कुणाला सुचणार? गावंच्या गावं मातीखाली गेली, फड घरी बसले. शेवटचं पान पुरेना म्हणून वडिलांनी त्या वर्षापुरतं आतलंही एक दिलं. औशाकडची एक गाणारी बाई तेव्हापासून त्या पानावर येऊ लागली. घर पडलेलं, पत्र्याच्या शेडात राहायची. दर दसऱ्याच्या आधी ती आमच्या ऑफिसात यायची, वाचता येत नसल्यानं अंक उलटा करून आपला फोटो तेवढा बघायची आणि मगच चहाला हात लावायची. तो फोटो लागला नाही तर हंगामभर तिच्या दारात कुणी फिरकणार नव्हतं, हे तिलाही ठाऊक होतं आणि वडिलांनाही.

पुढं लातुरात क्लासचं वारं शिरलं. आमच्या गल्लीत घरांपेक्षा क्लासच्या पाट्या जास्त झाल्या. मलाही बारावीला मोठ्या क्लासला जायचं होतं, आणि फी वडिलांच्या ऐपतीबाहेरची होती. क्लासच्या सरांना खेड्यापाड्यांत जाणारं पान हवं होतं. निकालापासून वर्षभर शेवटचं पान क्लासचं, असं ठरलं आणि माझी फी माफ झाली. मला कुणी विचारलं नाही. मीही आनंदानं नवी दप्तरपिशवी घेतली.

निकाल लागला. शेवटच्या पानावर आम्हा हुशार पोरापोरींचे फोटो आले, खाली मार्क. मधोमध मी, दोन वेण्या, कपाळावर ठसठशीत टिकली. आईनं अंक देवापुढं ठेवला. जन्मात पहिल्यांदा मी ते मासिक मैत्रिणींना मिरवून दाखवलं. आठवलं की अजून कान तापतात.

तीच जाहिरात दर महिन्याला लागत राहिली. मला नांदेडच्या कॉलेजात प्रवेश मिळाला होता. दसऱ्यासाठी घरी आले तेव्हा ऑफिसात वडिलांपाशी बसले होते, आणि ती बाई आली. नेहमीसारखा अंक उचलून तिनं उलटा केला. बराच वेळ शोधलं. मग फोटोकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं.

"मालक, ही हीच पोर न्हवं?"

"हो. आमची लेक," वडील म्हणाले.

"अगं माय. एवढं कोवळं लेकरू, अन् आत्ताच बसून हाय?" तिनं जवळ येऊन माझ्यावरून हात ओवाळून कानशिलावर बोटं मोडली. "काय करतीस गं? गातीस का नाचतीस?"

मला आधी संताप आला. मी आणि नाचणार? मी वडिलांकडं पाहिलं, आता हे हिला नीट समजावतील म्हणून. त्यांनी मान खाली घातली होती. तेव्हा कुठं माझ्या टाळक्यात उजेड पडला, की मी हिच्याच जागेवर बसले आहे. लाजेनं मी ओढणीचं टोक बोटाला गुंडाळू लागले.

"लाजू नगंस," ती म्हणाली. "आपल्या धंद्यात बसणं कुणाला चुकलंय? एका फडमालकाची अन् माझी लई जुनी वळख हाय. घालते तुझं कानावर."

"बाई, तुमचा फोटो..." वडिलांनी कसंबसं तोंड उघडलं.

"ऱ्हाऊ द्या मालक. जागा कमी पडली आसंल. माझं काय, माझं झालं समदं गाऊन. लेकराचं आधी बघा."

चहा तसाच राहिला. वडिलांनी तिला थांबवलं नाही, मीही नाही. तिनं तो अंक नीट घडी करून पिशवीत घातला, फडमालकाला माझा फोटो दाखवायला, आणि औशाची गाडी गाठायला निघाली.