चारशे सत्तेचाळीसचा सूर

मंगलावहिनींचा फोन आला तेव्हा मी कचेरीत होतो आणि समोर दुसऱ्या कुणाची तरी चुकलेली बेरीज होती. वहिनी म्हणाल्या, "भाऊजी, या आता." त्यांच्या आवाजात घाई अजिबात नव्हती, त्यावरूनच मला कळलं. दुःख व्हायच्या आधी मला एकदम दमल्यासारखं झालं. हे लिहायला बरं वाटत नाही, पण तसंच झालं. वर्षभर दवाखान्याच्या खेपा चालल्या होत्या, घरात प्राणवायूचं यंत्र आणलं होतं, वीज गेली की ते इन्व्हर्टरवर किती वेळ चालेल याचा अंदाज बांधणं माझ्याकडे होतं. त्या दिवशी ते यंत्र बंद केलं आणि खालच्या मजल्यावर एवढी शांतता झाली की गल्लीतल्या दूधवाल्यानं दारात येऊन विचारलं, "मास्टरजी ठीक हैं न?"

मास्टरजी म्हणजे माझा चुलतभाऊ श्रीधरदादा, थोरल्या काकांचा मुलगा. राजा घाटाच्या वरच्या गल्लीत आमचं घर आहे. खाली दादा आणि वहिनी, वर आम्ही, आणि गच्चीवर एक खोली, जी शिकायला आलेल्या परदेशी मुलांना भाड्यानं देतो. बाहेरगावचे नातेवाईक विचारत होते, अस्थी कुठे नेणार? काशीत राहणाऱ्याला अस्थी घेऊन कुठेच जायचं नसतं. सगळं इथेच, चालत जाण्याच्या अंतरावर होतं. प्रवासात माणूस थोडा सावरतो म्हणतात, ती सोयही आम्हाला नाही. तेरावा झाला आणि दुसऱ्या दिवशी मी कचेरीत गेलो.

काशीतल्या मराठी घरांमधून पुजारी निघतात, मास्तर निघतात, बँकेत आणि रेल्वेत लागणारे निघतात. दादा ऑर्केस्ट्रात गेला. काका पाठशाळेत व्याकरण शिकवायचे. मुलगा लग्नांत आणि जागरणांत की-बोर्ड वाजवतो हे ते कुणाला आपणहून सांगत नसत. पण गणपतीत आमच्या मंडळात आरतीची पेटी दादाच वाजवायचा, आणि तेव्हा ते पहिल्या रांगेत बसायचे. दादाचा हात फार गोड होता. एक सवय मात्र वाईट होती, किंवा धंद्यानं लावलेली होती. गाण्यात कुठे जागा रिकामी दिसली की तो ती भरायचा. गायक श्वास घ्यायला थांबला की दादाची एक हरकत, छोटीशी तान, आलीच. तो म्हणायचा, लग्नात आवाज थांबला तर लोकांना वाटतं जनरेटर गेला, आणि ते जेवायला उठतात.

मंडळाची पेटी दादाच्याच घरी असते. फार जुनी आहे. दर काही वर्षांनी एक कारागीर तिच्या आतल्या, सूर देणाऱ्या पितळी पट्ट्या घासून साफ करायचा, आणि टोकाला घासलं की पट्टीचा सूर थोडा चढतो. असं करत करत ती अख्खी पेटी वर गेली. जगभर वाद्यं ज्या मूळ सुरावर जुळवतात त्याला चारशे चाळीस म्हणतात, म्हणजे सेकंदाला तेवढी कंपनं. आमची पेटी चारशे सत्तेचाळीसवर आहे. मी स्वतः मोजली आहे, त्याचं कारण पुढे येईल. गणपतीत पेटी आणि की-बोर्ड बरोबर वाजायचे, म्हणून दादानं एका वर्षी आपला की-बोर्ड पेटीइतका चढवून घेतला. तो आकडा यंत्रात कायमचा बसला आणि दादानं तो पुन्हा कधी खाली आणला नाही. लग्नांत कुणाची तक्रार आली नाही, कारण बाकीचे त्याच्यावरून जुळवून घ्यायचे. त्याला विचारलं तर म्हणायचा, "पेटी म्हातारी आहे, ती ऐकणार नाही. आपणच ऐकावं."

दम्यानं पकडल्यावर कार्यक्रम बंद झाले. त्याच सुमाराला गच्चीवरच्या खोलीत झुझाना राहायला आली. स्लोव्हाकियाची मुलगी, इथे हिंदी शिकायला आलेली, बोलायची नीट आणि हळू. तिच्या गावी मारेक नावाचा मित्र होता, दोघं मिळून गाणी करायचे. सिंथची, म्हणजे विजेवर तयार केलेल्या सुरांची पॉप गाणी. तिच्याकडे लॅपटॉप आणि माइक होता, वाद्य नव्हतं. दादाकडे वाद्य होतं आणि दिवसभर काम नव्हतं. ती एकदा भाडं द्यायला खाली आली, की-बोर्डवरची चादर बघून थांबली, आणि मग रोज दुपारी खाली यायला लागली.

तिचं गाणं साधं होतं. बर्फ पडतोय, ट्रामचा शेवटचा थांबा आहे, एक मुलगी तिथे उभी आहे आणि अजून निघालेली नाही. ध्रुवपदात एकच शब्द परत परत यायचा, "एश्ते". त्यांच्याकडे त्याचा अर्थ 'अजून'. वहिनींनी तो लगेच उचलला आणि पानात भात वाढताना आम्हालाही विचारायला लागल्या, "एश्ते?" तिला दादाकडून फक्त चार सूर हवे होते, सुरुवातीपासून शेवटपर्यंत तसेच, फिरून फिरून. दादानं दोन आवर्तनं तशी वाजवली आणि तिसऱ्यात एक हरकत मध्ये घातली. ती म्हणाली, नहीं मास्टरजी, कुछ मत डालिए. पुन्हा सुरुवात. पुन्हा तिसऱ्या आवर्तनाला बोट घसरलं. आठवडा असा गेला. एके दिवशी तो चिडला. मशीनसारखंच हवं असेल तर मशीनलाच सांग, म्हणाला. ती रागावली नाही. म्हणाली, मशीन को ठंड नहीं लगती, लड़की को लग रही है. दादानं की-बोर्डवरून हात उचलले. मग हसला आणि वहिनींकडे बघून म्हणाला, "ही मला लग्नातून बाहेर काढते आहे."

खिडकीला गादी लावून, पंखा बंद करून, नदीतल्या होड्यांच्या मोटारींचा आवाज कमी असेल अशा दुपारी ते वाजवायचे. माकडं पत्र्यावर आली की थांबायचं, वीज गेली की थांबायचं, दादाला खोकला आला की थांबायचं. अखेर त्यानं ते चार सूर पूर्ण गाणंभर वाजवले, काहीही न घालता. मी त्या दिवशी रजेवर होतो, दारात उभा राहून ऐकलं. संपल्यावर घामानं त्याचा सदरा पाठीला चिकटला होता. "नवरदेव घोड्यावरून उतरेपर्यंत वाजवलंय मी," तो म्हणाला, "पण असा दमलो नव्हतो." त्याच सुरांवर तिनं तिथेच, वहिनींच्या कॉटवर बसून, गाणं गायलं.

ती परत गेली तेव्हा सगळं रेकॉर्डिंग घेऊन गेली. बाकीचं काम मारेक तिकडे करणार होता. त्यानंतर दादा रोज विचारायचा, आलं का? मला आधी कळत नव्हतं की याला एवढं काय आहे. एका संध्याकाळी यंत्राची नळी नाकाला लावून बसला असताना त्यानं आपणहून सांगितलं. म्हणाला, "आयुष्यभर दुसऱ्यांची गाणी वाजवली रे. मी नसतो तर दुसऱ्या कुणी तीच वाजवली असती. एक तरी असं असावं, ज्यातून मला काढता येणार नाही." मी उठून इन्व्हर्टरचा दिवा बघून आलो.

गाणं आलं. मुक्तानं, माझ्या मुलीनं, ते फोनवर लावून दादाच्या कानात दिलं. त्यानं डोळे मिटून पूर्ण ऐकलं, मग परत पहिल्यापासून ऐकलं, आणि फोन उलटा करून ठेवला. "चांगलं झालंय," म्हणाला. थोड्या वेळानं म्हणाला, "माझं काही नाही त्यात." मारेकनं दादाचे चार सूर काढून टाकून ते स्वतःच्या सिंथवर नव्यानं वाजवले होते. आवाज भरदार होता, दादाच्या जुन्या की-बोर्डपेक्षा कितीतरी चांगला, हे मलाही कबूल करावं लागलं. दादानं तक्रार केली नाही. फक्त की-बोर्डवर चादर घातली आणि वहिनींना सांगितलं की तो माळ्यावर टाकून द्या, जागा अडते. वहिनींनी टाकला नाही.

झुझानाचा व्हिडिओ कॉल आला तेव्हा तो बोलायला तयार नव्हता, वहिनींनी फोन त्याच्यासमोर धरला. तिनं माफी मागितली आणि मग एक गोष्ट सांगितली. मारेकनं आपले सिंथ वाजवले तेव्हा तिचा आवाज बेसूर लागायला लागला. दोघांना कारण कळेना. मग लक्षात आलं की तिनं दादाच्या चढलेल्या की-बोर्डवर गायलं आहे. मारेकनं तिचा आवाज यंत्रानं खाली ओढून पाहिला, तो मेल्यासारखा वाटायला लागला. तिनं तिकडे पुन्हा गाऊन पाहिलं, तसं आलं नाही. शेवटी त्यानं आपली सगळी यंत्रं दादाच्या सुराला वर चढवली. पूरा गाना आपके सुर में है मास्टरजी, ती म्हणाली.

कॉल संपल्यावर दादा म्हणाला, मुलगी चांगली आहे, मन राखते. वहिनी म्हणाल्या, तुम्हाला कुणी चांगलं बोललेलं सोसत नाही. मग तो माझ्याकडे वळला.

"तू मोज. तू बरं वाटावं म्हणून सांगणार नाहीस."

हे त्यानं मला चांगलं म्हणून म्हटलं की वाईट, ते मी विचारलं नाही. बघायला खाली आलेल्या मुक्ताकडून सूर मोजायचं अॅप घेतलं. आधी पेटी मोजली, चारशे सत्तेचाळीस. मग की-बोर्ड, तेवढाच. गाण्याच्या सुरुवातीला, गाणं सुरू व्हायच्या आधी, एकच लांब सूर आहे, तोच मूळ सूर, तो मोजला. आकडा स्थिर राहत नव्हता. मी तो बऱ्याच वेळा लावला, दोन वेगवेगळ्या फोनांवर. दादा कॉटवर बसून माझ्या तोंडाकडे बघत होता, जसं लोक डॉक्टर रिपोर्ट वाचत असताना बघतात. मी म्हटलं, "चारशे सत्तेचाळीस म्हणता येणार नाही. सेहेचाळीस आणि सत्तेचाळीसच्या मध्ये आहे. पण चाळीस नक्की नाही."

दादा हसायला लागला आणि हसता हसता खोकला. "अरे, मी वर गेल्यावर चित्रगुप्तानं तुलाच ठेवून घ्यावं," म्हणाला, "अर्धा आकडासुद्धा सोडत नाहीस." मग त्यानं चादर काढायला सांगितली. गाणं पुन्हा लावलं आणि त्या लांब सुरावर आपलं एक बोट ठेवलं. एकच. गाणं पुढे गेलं, ढोल सुरू झाले, तिचं एश्ते एश्ते सुरू झालं, जागोजाग रिकाम्या जागा आल्या. त्यानं त्यातली एकही भरली नाही. गाणं संपल्यावर बोट उचललं आणि मला म्हणाला, जा, तुला उशीर होत असेल.

त्यानंतर तो गाण्याबद्दल फार बोलला नाही. ते गाणं तिकडे कितीसं चाललं मला माहीत नाही. ऐकणाऱ्यांचा एक आकडा गाण्याखाली दिसतो, तो मी एरवी पाहिला असता. शेवटचे दिवस जसे सगळ्यांचे जातात तसे गेले, औषधं, झोप, अर्धवट वाक्यं... त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही, आणि ताकदही नाही.

परवा रविवारी मी खाली गेलो होतो. मुक्ता सध्या फोनवर बघून की-बोर्ड शिकते, वहिनींनीच तिला सांगितलं की येत जा, नुसता पडून आहे. ती वैतागली होती. "बाबा, हे व्हिडिओशी मॅचच होत नाहीये," म्हणाली, "याला चारशे चाळीसवर सेट करू? दोन मिनिट का काम है." तिचं बरोबर होतं. शिकायचं तर जगाशी जुळवून घ्यायला हवं, आणि मी तेच सांगणार होतो. वहिनी जमिनीवर बसून मटार सोलत होत्या. त्या म्हणाल्या, "गणपतीत पेटीबरोबर कसं वाजेल मग?" मुक्तानं माझ्याकडे पाहिलं.

तिनं व्हिडिओ बंद केला, बरीच शोधाशोध करून ते गाणं लावलं आणि दादानं ठेवलं होतं त्याच जागी बोट ठेवलं. थोडा वेळ ऐकून म्हणाली, "बाबा, मी वाजवते आहे की नाही तेच कळत नाहीये." बरोबर जुळलेला सूर वेगळा ऐकू येत नाही. अगदी नीट ऐकलं तर मधूनच आवाज किंचित फुगायचा आणि बसायचा, तो त्या अर्ध्या आकड्याचा फरक असावा. खात्री करायला तिनं बोट थोडं वर घेतलं, आणि गाण्यातून काहीतरी कमी झालं.

"उचलू नकोस," वहिनी म्हणाल्या. त्यांनी मान वर केली नव्हती. हातातली शेंग तशीच धरलेली होती.