कुशिनारा म्हणून ठेवलेली वाळू

जपानी विहारातल्या कुशिनाऱ्याच्या पिशवीतली वाळू मी बदलली होती. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. बायकोला नाही, भंतेजींना नाही आणि जिच्यामुळे बदलली त्या माझ्या मोठ्या बहिणीला तर नाहीच. आता ती गेली, त्यालाही महिना उलटला. तिच्या पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमात 'भावानं दोन शब्द बोलावेत' म्हणून मला माइकसमोर उभं केलं. मी तिच्या कष्टांबद्दल बोललो, तिनं पोरींना कसं शिकवलं ते बोललो. लोकांनी माना हलवल्या आणि मी खाली उतरलो... जे बोलायचं होतं ते पोटातच राहिलं.

ती गेल्याचा निरोप मला कोराडीच्या वीज केंद्रात, ड्यूटीवर मिळाला. गेटवरून कोणी तरी सांगत आलं, 'बहीण सिरीयस आहे, लगेच निघा.' सिरीयसचा अर्थ आपल्याकडे लहान पोरालाही कळतो. नागपूरच्या बसमध्ये बसलो, खिडकीच्या गजाला नेहमीसारखी राख लागलेली होती, आणि माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की आता ती मला काही विचारणार नाही. चक्क सुटल्यासारखं वाटलं. त्या सुटल्यासारखं वाटण्याची लाज अजून जात नाही, म्हणून हे लिहायला घेतलं.

तिचं नाव गिरजा. मी तिला बाई म्हणायचो. आमचं गाव कन्हानच्या काठी. उन्हाळ्यात नदी आटली की बाबा पात्रातल्या वाळूत डांगराची, म्हणजे खरबुजांची, वाडी लावायचे आणि राखण आम्हा दोघांकडे असायची. वरची वाळू तव्यासारखी तापलेली असायची. बाईनं मला शिकवलं होतं, की बोटांनी वरची वाळू उकरायची, पाय आत घालायचे, खाली गार असते. दीक्षेच्या वर्षी सगळं घर नागपूरला येऊन बौद्ध झालं. पुढं बाईचं लग्न झालं, ती शहरात गेली. पहिला मुलगा झाला, मिलिंद. चार वर्षांचा असताना त्याला घेऊन ती माहेरी आली, त्याला ताप भरला आणि तो गेला. लहान लेकराला आमच्याकडे जाळत नाहीत. बाबांनी त्याला उचललं, मी फावडं घेतलं. नदीकाठी खड्डा मीच खणला. बायका यायच्या नाहीत, ती रीतच होती. परत आलो तेव्हा बाई दारात बसलेली.

"कुठी ठेवलं गा त्याले?"

"वाळूत."

"वाळूत कुठी?"

मी म्हणालो, "पूर आला की सारं जाते बाई. इचारू नको."

तिनं पुन्हा विचारलं नाही. तेरवी वगैरे काही झालं नाही, प्रतिज्ञाच घेतल्या होत्या आम्ही, श्राद्धपक्ष करणार नाही म्हणून. आणि त्याऐवजी काय करायचं ते आमच्या गावात तेव्हा कोणालाच माहीत नव्हतं. जुनं सोडलं होतं, नवं अजून पोचलं नव्हतं. मधल्या त्या रिकाम्या जागेत मिलिंद गेला. त्याच्यासाठी कोणी एक वंदनासुद्धा म्हटली नाही. बाईला पुढं दोन मुली झाल्या, संसार झाला, पण ही एक गोष्ट सुटली नाही. 'माह्या पोट्ट्याचं काहीच झालं नाही,' एवढंच ती कधी तरी म्हणायची.

सत्तरच्या दशकाच्या अखेरीला तिच्या वस्तीत एक जपानी भिक्खू येऊन राहिला, तेच हे भंतेजी. लोकांनी त्याच्यासाठी एक हॉल बांधला, त्यालाच सगळे जपानी विहार म्हणत. वस्तीत कुजबुज होतीच. हा आपला देश सोडून इथं काहून आला? कोणी म्हणे हेर आहे, कोणी म्हणे जागेवर डोळा आहे. मी त्या सगळ्यांच्या पुढं होतो. माझं कामच आलेल्या कोळशाचे नमुने तपासायचं. सरकार मला संशय घ्यायचाच पगार देत होतं म्हणा ना. भंतेजी जमिनीवर झोपायचे, मिळेल ते खायचे आणि वस्तीतल्या पोरांकडून मराठी शिकल्यामुळे अस्सल नागपुरी बोलायचे. मला त्यातही काही तरी डाव दिसायचा.

एकदा त्यांनी जाहीर केलं, की येत्या रविवारी सगळ्यांना तीर्थयात्रा घडवणार. त्यांच्याकडे म्हणे तशी रीत आहे. ज्यांना दूर जाणं जमत नाही त्यांच्यासाठी देवळातच त्या त्या तीर्थाची माती अंथरतात आणि लोक तिच्यावरून चालतात, ती यात्राच धरतात. लुंबिनी, बोधगया, सारनाथ, बुद्धांनी जिथं देह ठेवला ते कुशिनारा आणि त्यांच्या देशातली काही विहारं, अशी सगळीकडची माती त्यांनी पांढऱ्या पिशव्यांत शिवून ठेवली होती. ज्याचं नाव मनात घेऊन चालाल त्याला पुण्य पोचेल, असंही ते म्हणाले.

बाई त्या दिवशी प्रताप नगरला माझ्याकडे आली. माझं घर बांधून होत होतं, दारात वाळूचा ढीग पडलेला. आत येऊन पाणी प्यायच्याही आधी तिनं विचारलं, "आपल्यात चालते का गा हे?"

"काय?"

"मिलिंदच्या नावानं चालीन म्हणतो. पाप तं नाही ना? आपण शपथ घेतली हाय."

"श्राद्धच आहे ते, बाई. कपडे बदलून जपानातून आलं, एवढंच. अन् ती माती तिथलीच कशावरून? कोणी पाहून आलं काय?"

"तू तं भाकर खायच्या आधी तिच्यात खडा पाहतं," ती हसली. "मले जायचं हाय. तू चाल माह्यासंगं. तू शिकलेला, तू संग असला की मले भेव नाही."

माझ्या भरवशावर तिला जायचं होतं, आणि मी काय केलं? शनिवारी दुपारी मदत करतो म्हणून विहारात गेलो. चादरी अंथरल्या, पिशव्या ओळीनं मांडल्या. कुशिनाऱ्याच्या पिशवीची शिवण उसवली आहे असं सांगून ती कोपऱ्यात नेली. आतली वाळू माझ्या जेवणाच्या डब्यात ओतली आणि माझ्या घराच्या दारातल्या ढिगातली वाळू पुडीत बांधून आणली होती, ती पिशवीत भरून टाके घातले. बेत असा होता, की सगळ्यांची यात्रा झाली, डोळे पुसून झाले, की उभं राहायचं आणि सांगायचं, बघा, तुम्ही कशावर रडलात ते. घरी येऊन डबा ढिगावर उपडा केला. सोमवारी गवंड्यानं ती वाळू सिमेंटात कालवली. खरं कुशिनारा माझ्या घराच्या कुठल्या भिंतीत आहे, ते मला सांगता येणार नाही.

रविवारी हॉल भरला. पुढं भंतेजी घंटी वाजवत, मागं अनवाणी रांग. प्रत्येक पिशवीवर थांबायचं, हात जोडायचे, पुढं व्हायचं. बायकांच्या गप्पा काही थांबत नव्हत्या. "सरक वं पुढं, बोधगयेतच मुक्काम टाकतं काय?" एक म्हणाली. दुसरी म्हणे, "लुंबिनीहून सारनाथले दोन पावलांत! एसटीवाल्याइले दाखवा हे." भंतेजीही हसत होते. मी भिंतीशी उभा राहून शेवटच्या पिशवीकडे बघत होतो.

बाई तिच्यावर आली आणि थांबली. हात जोडले. मग पिशवीवर तिची पावलं हलायला लागली. बोटं कापडावरूनच आत वळत होती, वरचं बाजूला सारल्यासारखं करून खालचं काही तरी शोधत होती. ती हालचाल मला ओळखीची होती. आणि तेव्हा, अगदी तेव्हाच माझ्या डोक्यात आलं, की नागपुरातलं प्रत्येक घर कन्हानच्या वाळूचं बनतं. माझ्या दारातला ढीगही तिथलाच. ज्या नदीच्या काठी मी खड्डा खणला, तिचीच वाळू मी बहिणीच्या पायाखाली ठेवली होती, तिला खोटं पाडण्यासाठी.

मागून कोणी तरी म्हणालं, "चाल ना वं गिरजाबाई!"

भंतेजी वळले. "काहून थांबली, माय?"

"थांबू द्या जी जरा," ती म्हणाली. तिचा चेहरा भिजला होता, पण आवाज शांत होता. "बरं वाटून राह्यलं."

मी उभं राहून काही सांगितलं नाही. रिक्षात ती माझ्या शेजारी बसली. मग म्हणाली, "कुशिनारा बी नदीकाठीच असंल ना गा?"

मला माहीत नव्हतं. मी 'हो' म्हणालो.

"मंग बराबर," ती म्हणाली.

त्या दोन शब्दांनी माझी झोप नेली. पुढं दर वर्षी ती त्या यात्रेला जायची, 'माह्या कुशिनाऱ्यावर जाऊन येतो' असं सांगून जायची, आणि मी तिच्या डोळ्यांत टोमणा शोधायचो. तिला कळलं असेल तर ती बोलत का नाही? कळलं नसेल तर मी तिला बनावट माल दिला. दोन्हीकडून मीच अडकलेला. तिनं साधं 'जेवला काय?' विचारलं तरी मला त्यात दुसरंच काही ऐकू यायचं. हळूहळू मी तिच्याकडे जाणं कमी केलं. तिला वाटलं, भाऊ घर बांधून मोठा झाला.

आणि दुसरंही सांगून टाकतो. वाळूत ठेवलं, पुरात सगळं जातं, हे मी तिला खोटं सांगितलं होतं. वाळू जाते, काठ जात नाही. मिलिंदची जागा उतारावरच्या भोकराच्या झाडाखाली आहे, ती मला डोळे मिटून दाखवता येईल. पण दाखवली तर ही तिथं दिवा लावत बसेल, जुनं सगळं मागच्या दारानं घरात येईल, अशी मला धास्ती होती. प्रतिज्ञा सांभाळायच्या म्हणून मी एका आईवर पहारा ठेवला.

कार्यक्रम संपल्यावर तिची धाकटी मुलगी माझ्याशेजारी बसली. रडत होती, मधूनच हसतही होती. म्हणाली, "मामा, आईची एक खोड तुमाले माहीत हाय काय? कोठी बांधकाम दिसलं, रेतीचा ढीग दिसला, की चप्पल काढून त्याच्यावर चढाची. लोक पाह्यत राहत. आमाले तं बाप्पा मेल्याहून मेल्यासारखं होये. काय करून राह्यली वं आई, म्हटलं, तं म्हणे, काही नाही, पाय गार करून राह्यलो."

"कधीपासून?" मी विचारलं.

"आमी शाळेत होतो तेव्हापासून. जपानी विहारातली यात्रा सुरू झाली ना, त्याच्या नंतर."

मला आता संशय राहिलेला नाही. पायाखाली कन्हानचीच वाळू आहे, हे तिला कळलं होतं. कोणी बदलली हेही बहुतेक कळलं असावं, आणि तिनं ते माझ्यापाशी कधी काढलं नाही... कारण जे तिला पाहिजे होतं ते मी नकळत का होईना, तिच्या पायाखाली आणून ठेवलं होतं.

प्रताप नगरात अजून घरं उठतात. ट्रक वाळू ओततात, आणि सकाळी बसला जाताना एखाद्या ढिगावर पावलांचे ठसे दिसले की मी थबकतो. पोरं खेळून गेलेली असतात, हे मला ठाऊक असतं.

भंतेजींना मी कुशिनाऱ्याची वाळू देणं लागतो. ती जाऊन आणता येईल, आणि आणीन. बाईला मी नदीकाठची एक जागा दाखवणं लागत होतो. ते देणं तसंच आहे.